बेल्ट नवा, पंप जुना : साताऱ्यातल्या एका डिझेल गाडीचं प्रकरण

साताऱ्यात माझं गॅरेज आहे, सव्वीस वर्षं झाली. टायमिंग बेल्ट तुटून इंजिन बसलेल्या गाड्या मी पुष्कळ पाहिल्या. बहुतेकांचं कारण एकच असतं, बेल्ट वेळेत बदललेला नसतो. या प्रकरणात बेल्ट मुदतीतला होता, मीच बदललेला होता, आणि तरीही इंजिन बसलं. म्हणून ते सविस्तर लिहितोय. मालकांची ओळख पटू नये इतपत तपशील बदलले आहेत. आकडे आणि क्रम माझ्या वहीतून घेतले आहेत. लिहून झाल्यावर त्यांना वाचून दाखवलं, मगच पुढे दिलं.

पार्श्वभूमी

गाडीचे मालक प्राथमिक शाळेत शिक्षक, आम्ही त्यांना गुरुजी म्हणतो. घर कोरेगाव बाजूला, शाळा साताऱ्याजवळ. जाऊन-येऊन रोजचे चाळीसएक किलोमीटर. जून 2019 मध्ये त्यांनी ओळखीतून जुनी डिझेल गाडी घेतली. 2013 चं मॉडेल, दीड लिटरचं आठ व्हॉल्व्हचं इंजिन, रीडिंग 68,400. गाडी कुठल्या कंपनीची ते सांगत नाही, कारण दोष गाडीत नव्हता.

घेतल्यावर चौथ्या-पाचव्या दिवशी ते गाडी घेऊन आले. "अण्णा, ऑइल बदला आणि एकदा सगळी नजर टाका. आधीच्या मालकानं काय केलं, काय नाही, काहीच कागद नाही."

अशा वेळी मी पहिल्यांदा एकच गोष्ट बघतो, इंजिनात बेल्ट आहे की चेन. ज्यांना हे नवीन आहे त्यांच्यासाठी थोडं सांगतो.

इंजिनात खाली क्रँक फिरतो, तो पिस्टन वरखाली करतो. वर कॅम फिरतो, तो व्हॉल्व्ह उघडतो आणि मिटतो. क्रँकचे दोन फेरे झाले की कॅमचा एक व्हायला हवा, बरोबर एक. हा हिशोब सांभाळतो तो टायमिंग बेल्ट किंवा टायमिंग चेन. डिझेलला कॉम्प्रेशन, म्हणजे आतली हवा दाबणं, जास्त लागतं, त्यामुळे पिस्टन पार वर आला की त्याच्या आणि हेडच्या, म्हणजे इंजिनाच्या वरच्या झाकणाच्या, मध्ये मिलिमीटरभरसुद्धा जागा उरत नाही. व्हॉल्व्ह उघडतो तो मात्र त्याच जागेत कितीतरी मिलिमीटर खाली येतो. जागा एक, वापरणारे दोघं. वाटणीच्या विहिरीवर भावाभावांच्या मोटारीची पाळी असते तसं हे आहे. पाळी मोडली की दोघं एकाच वेळी विहिरीवर. पिस्टन व्हॉल्व्हवर आदळतो आणि व्हॉल्व्ह वाकतो.

बेल्ट रबराचा असतो, आत काचेच्या तंतूंच्या दोऱ्या असतात आणि आतल्या बाजूला दात. रबराला वय असतं. चेन लोखंडी आणि ऑइलमध्ये फिरणारी, म्हणून तिला बहुतेक कंपन्या बदलायची मुदत देत नाहीत. चेनही सैल होते, आवाज करते, पण तो वेगळा विषय. आपल्याकडच्या ओळखीच्या गाड्यांत सांगायचं तर जुन्या अडीच लिटरच्या इनोव्हाला बेल्ट आहे, क्रिस्टाच्या 2.4 डिझेलला चेन. आठशे सीसीच्या अल्टोला बेल्ट. डिझेल स्विफ्टच्या 1.3 इंजिनाला चेन. डस्टरच्या दीड लिटर डिझेलला बेल्ट. आपल्या गाडीचं ठाऊक नसेल तर गाडीबरोबर आलेल्या पुस्तिकेतलं सर्व्हिसचं पान उघडायचं. बदलाची मुदत प्रत्येक इंजिनाची वेगळी असते, शेजाऱ्याच्या गाडीवरून आपली ठरवायची नाही.

गुरुजींच्या गाडीला बेल्ट होता. पुस्तिकेत मुदत होती 80,000 किलोमीटर किंवा 5 वर्षं, जे आधी येईल ते.

प्रश्न काय होता

किलोमीटरने बघितलं तर अजून 11,600 बाकी. वर्षांनी बघितलं तर मुदत संपून वर्ष झालेलं.

गुरुजींचं म्हणणं साधं होतं, आणि नव्वद टक्के लोक हेच म्हणतात. "गाडी कमी फिरलीय, म्हणजे बेल्ट कमी झिजला असणार." टायरच्या बाबतीत हे बऱ्यापैकी खरं आहे. बेल्टच्या बाबतीत अर्धंच. दात झिजतात ते फिरण्यानं, पण रबर कडक होतं ते इंजिनाच्या उष्णतेनं आणि काळानं. अंगणात उभी असलेली गाडीही म्हातारी होतेच. शिवाय 68,400 हा आकडा खराच आहे याचा पुरावा आमच्या दोघांकडेही नव्हता.

वरचं प्लास्टिकचं कव्हर काढून मी बेल्ट दाखवला. पाठीवर भेगा नाहीत, कडा उसवलेल्या नाहीत. दिसायला चांगला. कॅमच्या सीलपाशी, म्हणजे तेल अडवणाऱ्या रिंगपाशी, मात्र बोटाला तेलाचा ओलावा लागला. बेल्टला तेल लागलं की रबर फुगतं, मऊ पडतं आणि मुदतीच्या आधी जातं. गुरुजी म्हणाले, "चांगला तर दिसतोय." मी म्हणालो, "दिसण्यावर जाऊ नका. आतली दोरी तुटायला लागली तर बाहेरून कळत नाही. खराब दिसला तर नक्की खराब, पण चांगला दिसला म्हणजे चांगला असं नाही."

हे त्यांना पटलं. बेल्ट बदलायचं ठरलं. इथपर्यंत सगळं योग्य झालं.

कोणते पर्याय होते

मी दोन आकडे सांगितले. बेल्ट, टेन्शनर (बेल्ट ताणून धरणारी पुली), कॅमचं सील आणि मजुरी मिळून 7,400 रुपये. याच्यात वॉटर पंप (इंजिन गार ठेवणारं पाणी फिरवणारा), आयडलर (बेल्टला वाट देणारी मोकळी पुली) आणि नवीन कूलंट (गार ठेवणारं ते पाणी) घातलं तर 11,800.

या इंजिनात वॉटर पंप टायमिंग बेल्टवरच फिरतो. म्हणजे पंप बदलायचा तर उजव्या बाजूचं इंजिन माउंटिंग सोडायचं, इंजिन खालून जॅकवर घ्यायचं, कव्हरं काढायची, बेल्ट उतरवायचा. सगळं तेच. काम उघडलेलं असताना पंपाला जादा मजुरी जवळजवळ लागत नाही. चार महिन्यांनी पंप गळाला तर तीच मजुरी पुन्हा, आणि उतरवलेला बेल्ट पुन्हा चढवायचा नसतो म्हणून बेल्टही पुन्हा नवा.

फरक 4,400 रुपयांचा. पंपाचे 2,900, आयडलरचे 700, कूलंटचे 800.

जून महिना. मुलाची कॉलेजची फी भरायची होती, गाडीचे पैसे नुकतेच दिलेले. गुरुजींनी विचारलं, "पंप आत्ताच घालायला लागतोय का?"

या प्रश्नाला मी काय उत्तर दिलं ते नीट सांगतो. बेल्ट उतरवला होता. पंपाची दातेरी पुली मोकळी होती. मी ती दोन बोटांनी फिरवली. गुळगुळीत फिरली, खरखर नाही. धरून पुढे-मागे हलवली. खेळ नाही. पुलीच्या मागे गळतीचा पांढरा-हिरवा डाग नाही. गुरुजींनाही फिरवायला लावली. मग म्हणालो, "चांगला आहे. राहू द्या, पुढच्या वेळी बघू."

दोन बोटांनी फिरवलेल्या पंपावर कसलाच ताण नसतो. गाडीत तोच पंप ताणलेल्या बेल्टच्या ओढीखाली मिनिटाला हजारो फेरे घेतो, गरम पाण्यात. त्या बोटांच्या परीक्षेतून फक्त एवढंच कळतं की पंप आज मेलेला नाही. पुढची पाच वर्षं टिकेल का हे त्यातून कळत नाही, आणि मी उत्तर दिलं ते पाच वर्षांचं. 4,400 रुपये वाचवायचा निर्णय वरवर गुरुजींचा दिसतो, पण तो माझ्या शब्दावर झाला होता.

काय केलं

बेल्टचं काम चोख केलं, त्यात आजही मला कमी दिसत नाही. इंजिन पूर्ण थंड असताना क्रँक आणि कॅम पिन घालून लॉक केले, सील बदललं, टेन्शनर नवा घातला, त्याचा काटा खुणेवर आणला. पिना काढून क्रँक पान्यानं हातानंच दोन पूर्ण फेरे फिरवला. दोन फेऱ्यांनी कॅमचा एक होतो आणि दोन्ही खुणा परत जागेवर यायला हव्यात. आल्या. मगच सेल्फ मारला.

बोनेटच्या आतल्या बाजूला मी स्टिकर चिकटवला. त्यावर मार्करनं लिहिलं, "टायमिंग झालं. 68,400. जून 2019."

त्यातले पहिले दोन शब्द पुढे महागात गेले.

मधली चार वर्षं

गाडी उत्तम चालली. ऑइल दरवर्षी माझ्याकडे बदललं जायचं, बारीकसारीक कामं गुरुजी घराजवळच्या एका गॅरेजात करून घ्यायचे. त्यात गैर काही नाही, पंक्चर झालेल्या माणसानं वीस किलोमीटर यावं अशी अपेक्षा मी करत नाही.

2023 च्या पावसाळ्यानंतर कूलंटची बाटली उतरायला लागली. महिन्याला अर्धी. गुरुजींनी घराजवळच्या गॅरेजात दाखवलं. तिथल्या पोरानं होजच्या क्लिपा आवळल्या, रेडिएटरची कॅप बदलली. टायमिंगच्या बाजूला ओलावा आहे असं त्याला वाटलंही होतं, हे नंतर कळलं. पण त्यानं बोनेट वर केलं तर समोर माझा स्टिकर. टायमिंग झालेलं, मुदत बाकी. तो म्हणाला, "तिकडचं काम नवीन आहे, तिकडं काही नसणार." त्याचं काय चुकलं? मी जे लिहिलं होतं ते त्यानं वाचलं. पंप जुनाच आहे हे मी लिहिलंच नव्हतं.

तेव्हापासून गुरुजी बाटलीत पाणी घालत राहिले, बोअरचं. आपल्याकडचं बोअरचं पाणी किती जड असतं ते घरातल्या गिझरची कॉइल बघितलेल्या माणसाला सांगायला नको. कूलंटमध्ये गंज आणि क्षार धरू न देणारी द्रव्यं असतात, साध्या पाण्यात ती नाहीत. पंपाचं सील आधीच थकलेलं, त्यात हे पाणी. सील गळलं की पाणी पंपाच्या बेअरिंगकडे जातं, आतलं ग्रीस धुऊन जातं, आणि बेअरिंग कोरडं फिरायला लागतं.

नोव्हेंबरात सकाळी गाडी चालू केली की पहिली दोन मिनिटं उजवीकडून कुंईं असा बारीक आवाज यायला लागला. गरम झाली की बंद. एका शनिवारी गुरुजी माझ्याकडे येऊन गेले, मी नेमका कऱ्हाडला लग्नाला गेलो होतो. माझ्या गॅरेजातल्या पोरानं सांगितलं, सोमवारी आणा.

रविवारी रात्री त्यांचा फोन आला. आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन पुण्याला झालं होतं, सोमवारी दाखवायला न्यायचं होतं.

"अण्णा, उद्या पुण्याला जाऊन येऊ का? थोडं पाणी कमी होतंय."

"टेम्परेचरचा काटा कुठं असतो?"

"मधेच. कधी वर गेला नाही."

"मग जा बिनधास्त. पाणी भरून निघा. मंगळवारी गाडी लावा माझ्याकडे."

हा माझा दुसरा निर्णय. मी काट्याबद्दल विचारलं, आवाजाबद्दल विचारलंच नाही. पाणी कुठून जातंय हेही विचारलं नाही. काटा फक्त आत्ता इंजिन किती गरम आहे ते सांगतो, पंपाचं बेअरिंग किती कोरडं आहे ते त्याला कळत नाही. "पाणी कमी होतंय आणि सकाळी उजवीकडून कुंईं होतंय" ही दोन वाक्यं एकत्र माझ्या कानावर आली असती तर मी गाडी जागेवरून हलू दिली नसती. ती दोन्ही वाक्यं गुरुजींकडे होती. ती काढून घेणं माझं काम होतं.

घाटात

परत येताना संध्याकाळचे साडेसात-आठ. तेव्हा साताऱ्याकडे येणारी वाहतूक खंबाटकी घाट चढून यायची. तिसऱ्या गिअरमध्ये चढ चढताना उजवीकडून करकर असा आवाज आला, एक धक्का बसला आणि इंजिन बंद. डॅशबोर्डवरचे सगळे लाल दिवे एकदम लागले.

पुढची गोष्ट सगळ्यांनी लक्षात ठेवण्यासारखी आहे. इंजिन थांबलं की ब्रेकला मिळणारी व्हॅक्यूमची मदत थांबते. साठलेल्या व्हॅक्यूमवर एक-दोनदा ब्रेक नीट लागतो, मग पेडल दगडासारखं होतं. ब्रेक लागतो, पण कितीतरी जास्त जोर लावावा लागतो. चढ असल्यामुळे गाडी आपोआप थांबली, पण लगेच मागं घरंगळायला लागली, आणि मागं ऊस भरलेला ट्रक. गुरुजींनी पेडलवर पाय देऊन हँडब्रेक ओढला. वहिनी, म्हणजे गुरुजींच्या पत्नी, खाली उतरल्या आणि मागच्या चाकाला दगड लावला. ट्रकवाल्यानं वेळीच थांबून दिवे लुकलुकवले. कुणाला काही झालं नाही. आईच्या डोळ्यावर पट्टी होती, त्यांना काय झालं ते समजलंही नाही.

गुरुजींनी चार-पाच वेळा सेल्फ मारला. मग मला फोन केला. "अण्णा, सेल्फ एकदम हलका फिरतोय. नेहमीसारखा अडत अडत फिरत नाही."

मी म्हणालो, "हात काढा किल्लीवरून. आता लावूच नका."

सेल्फ हलका फिरणं याचा अर्थ कॉम्प्रेशनच उरलं नाही. व्हॉल्व्ह मिटत नाहीत. असं झालेली गाडी पुन्हा पुन्हा सेल्फ मारून बघणं, धक्का मारणं किंवा गिअरमध्ये टोचन करणं म्हणजे वाकलेल्या व्हॉल्व्हवर पिस्टन परत परत आपटणं. क्रेनवर चढवून गाडी साताऱ्याला आणली. चाळीसएक किलोमीटर, 5,500 रुपये.

उघडल्यावर काय दिसलं

रीडिंग 1,09,000. बेल्ट 40,600 किलोमीटर आणि चार वर्षं पाच महिने चाललेला. दोन्ही अंगांनी मुदतीत.

कव्हर काढलं. बेल्ट तुटलेला नव्हता. जागेवर होता, त्याच्या पाठीवर छापलेला नंबर अजून वाचता येत होता. क्रँकच्या पुलीपाशी मात्र तळहाताएवढ्या लांबीत एकही दात नव्हता, सोलून काढल्यासारखे. काळे तुकडे खालच्या कव्हरात पडलेले. वर नजर टाकली तर पंपाची पुली तिरकी. हातानं फिरवली, फिरेना. ज्या पुलीला मी 2019 मध्ये दोन बोटांनी फिरवून चांगली म्हटलं होतं, ती आता दोन्ही हातांनी हलत नव्हती. मागं तांबूस गंज आणि क्षाराचा जाड थर.

क्रम स्पष्ट होता. पंप जाम झाला, बेल्ट अडला. क्रँक चाकांच्या आणि पिस्टनच्या जोरावर फिरतच होता, त्यानं अडलेल्या बेल्टचे दात सोलले. कॅम थांबला. पिस्टन उघड्या राहिलेल्या व्हॉल्व्हवर गेले.

दुरुस्तीचे पर्याय

चार पर्याय गुरुजींसमोर ठेवले. या वेळी कागदावर लिहून.

पहिला, नवीन बेल्ट आणि पंप घालून नशीब बघायचं. काही ग्राहक याचा आग्रह धरतात. सेल्फ इतका हलका फिरत असताना हे पैसे पाण्यात जाणार होते, म्हणून मी सरळ नाही म्हणालो.

दुसरा, हेड उतरवून व्हॉल्व्हचं काम. अंदाज 45 ते 55 हजार. पिस्टन किंवा कनेक्टिंग रॉड (पिस्टनला क्रँकशी जोडणारा दांडा) दुखावला असेल तर जास्त.

तिसरा, भंगारातून आलेलं वापरलेलं इंजिन. 65 ते 70 हजार. काम दोन-तीन दिवसांत होतं म्हणून मोह होतो. पण त्या इंजिनाचा बेल्ट कधी बदलला, पंप किती जुना, पुन्हा काहीच माहीत नाही. ज्या अंधारातून इथवर आलो त्याच अंधारात परत शिरायचं, वर आरसी बुकात इंजिन नंबर बदलून घ्यायचं काम.

चौथा, आहे तशी विकायची. एका व्यापाऱ्यानं 85,000 सांगितले. चालू असती तर सव्वादोन लाखाला गेली असती.

गुरुजींनी दोन दिवस घेतले. हेड उघडून आधी पिस्टन बघायचे, ठीक असतील तर पुढे जायचं, नाहीतर तिथंच थांबून गाडी विकायची, असं ठरलं. हा टप्प्याटप्प्यानं घेतलेला निर्णय मला फार शहाणपणाचा वाटला. तो त्यांनीच सुचवला.

हेड उतरवलं. आठपैकी सहा व्हॉल्व्ह वाकलेले, एक गाइड (व्हॉल्व्ह ज्या नळीत सरकतो ती) तडकलेला. चारही पिस्टनच्या डोक्यावर चंद्रकोरीसारख्या बारीक खुणा, बोट फिरवलं तर जेमतेम लागतील अशा. चारही पिस्टन वर आणून उंची मोजली, सारखी भरली, म्हणजे रॉड वाकले नव्हते. कॅम शाबूत. पुढे जायचं ठरलं.

हेड कोल्हापूरला उद्यमनगरात पाठवलं. गाइड, सीट (व्हॉल्व्ह टेकतो ती जागा), फेसिंग (हेडचा तळ सपाट करणं), प्रेशर टेस्ट (गळती बघणं) तिथं झालं. व्हॉल्व्ह, गॅस्केट सेट, हेडचे नवे बोल्ट, बेल्टचा पूर्ण किट, पंप, कूलंट, ऑइल, फिल्टर इथं घातलं.

निकाल

सुटे भाग 38,600. मशीनचं काम 9,200. क्रेन 5,500. एकूण 53,300 रुपये आणि गाडी अकरा दिवस बंद. माझी मजुरी बारा हजारांच्या आसपास झाली असती, ती मी लावली नाही. गुरुजी ऐकायला तयार नव्हते.

"अण्णा, पंप नको मीच म्हणालो होतो."

"तुम्ही विचारलं होतं, गुरुजी. राहू द्या असं मी म्हणालो."

पैशांचं तिथं मिटलं. 2019 मध्ये वाचलेले 4,400 आणि 2023 मध्ये गेलेले 53,300, हे दोन आकडे मी आता प्रत्येक ग्राहकाला सांगतो.

गाडी आजही चालू आहे. स्टिकर नवा आहे. टायमिंग झालं असं त्यावर नाही. एकाखाली एक ओळी आहेत: बेल्ट नवा, टेन्शनर नवा, आयडलर नवा, वॉटर पंप नवा. रीडिंग 1,09,000, नोव्हेंबर 2023. पुढचा बदल 1,89,000 ला किंवा नोव्हेंबर 2028, जे आधी येईल ते.

वेगळं काय करता आलं असतं

2019 चा निर्णय पुन्हा माझ्यासमोर आला तर मी पंप गाळून होणारा आकडा सांगणारच नाही. पंप बेल्टवर फिरत असेल तर बेल्ट, टेन्शनर, आयडलर आणि पंप हे एकच काम. चौघं एका दिवशी बसवले गेले, सारखेच फिरले, सारखेच तापले. त्यातला एक नवा करून बाकीचे जुने ठेवले तर मुदत सगळ्यात कमजोर असेल त्याची धरायची, नव्याची नाही. पंप वेगळ्या बेल्टवर फिरतो अशा इंजिनात हा नियम लागू नाही, तिथं उगाच पंप गळ्यात मारू नये. ग्राहकाकडे पैसे कमी असतील तर महिनाभर थांबून पूर्ण काम करणं परवडतं, तोवर लांबचा प्रवास टाळायचा. गुरुजींना मी हा पर्याय दिलाच नव्हता. पगार झाल्यावर जुलैत गाडी घेऊन ते आले असते, याची मला खात्री आहे.

स्टिकरचं तर मला जास्तच लागलं. पुढचा मेकॅनिक आपली बोटं वाचू शकत नाही, आपलं लिहिलेलंच वाचतो. आता माझ्याकडे काय केलं याच्या खाली काय केलं नाही हेही लिहिलं जातं, बिलावर आणि बोनेटखाली, दोन्हीकडे. जुनी गाडी घेणाऱ्यांनी तर असा नुसता "टायमिंग झालं" चा स्टिकर दिसला तर बिल मागावं, बिलात पंप आणि टेन्शनर शोधावा. बिल नसेल तर काम झालंच नाही असं समजून खर्च धरावा. जुन्या इनोव्हाला डॅशबोर्डवर टायमिंग बेल्टचा दिवा येतो, तो बंद आहे यावरही विसंबू नये. तो दिवा किलोमीटर मोजतो, बेल्ट बघत नाही, आणि बेल्ट न बदलताही तो बंद करता येतो.

फोनवरच्या प्रश्नांसाठी मी गॅरेजच्या भिंतीवर कागद लावलाय, पोरांसाठी आणि माझ्यासाठी. पाणी कमी होतंय असं कुणी म्हणालं की विचारायचं: उभ्या गाडीखाली डाग कुठल्या बाजूला पडतो? थंड असताना आवाज येतो का, कुठून? टायमिंगचं काम कधी झालं आणि त्यात पंप होता का? शेवटच्या दोन्हींची उत्तरं नीट मिळाली नाहीत तर प्रवासाला हो म्हणायचं नाही.

गुरुजींच्या बाजूनं एकच गोष्ट, आणि ती तेच सांगतात. बाटलीतलं पाणी पहिल्यांदा उतरलं तेव्हा ते भरत राहिले, जातंय कुठं ते शोधलं नाही. बंद सर्किट आहे ते, त्यातलं पाणी उगाच कमी होत नाही.

गाडी दिल्यानंतरच्या आठवड्यात मी 2016 पासूनच्या वह्या काढून बसलो. पंप बेल्टवर फिरतो अशा गाड्या, आणि मी फक्त बेल्ट-टेन्शनर बदललेला. सात निघाल्या. सातही जणांना फोन लावले. पाच गाड्या येऊन गेल्या, पाचही पंप बदलले, त्यातला एक गळायला लागलेला होता. सहाव्या मालकाचा नंबर बंद लागतो. सातव्यानं गाडी दोन वर्षांपूर्वी विकलीय, ती फलटणकडे कुणाकडे तरी आहे. घेणाऱ्याचा पत्ता त्यानं शोधून देतो म्हटलंय, मी दर पंधरा दिवसांनी त्याला फोन करतो.